सिल्व्हरहील्स, जे

(२६ मे १९१२ – ५ मार्च १९८०). चित्रपट व दूरचित्रवाणी या माध्यमांतील कॅनेडियन चरित्र अभिनेते. मूळ नाव हॅरल्ड जे स्मिथ. जन्म आँटॅरिओ प्रांतातील सिक्स नेशन्स ऑफ द ग्रँड रिव्हर या राखीव वसाहतीत, मोहॉक या मूलनिवासी जमातीच्या कुटुंबात. वडील पहिल्या महायुद्धात कॅनडाच्या सैन्यात अधिकारी होते.

जुन्या संदर्भांत जन्मवर्ष १९१९ असेही आढळते. ते ग्राह्य धरल्यास १९३१ मध्ये टोराँटोच्या टेकम्सेज संघातून खेळणारा हा लॅक्रॉसपटू जेमतेम बारा वर्षांचा ठरतो. म्हणून १९१२ हेच अधिक सयुक्तिक दिसते. जाळीदार काठीने चेंडू झेलत-फेकत खेळायचा लॅक्रॉस हा त्यांच्या लोकांचा पिढीजात खेळ. मैदानावरील त्यांच्या धावण्यावरून घरातील एका वडीलधाऱ्याने ‘सिल्व्हरहील्स’, म्हणजे रुपेरी टाचांचा, हे नाव दिले, अशी हकीकत सांगितली जाते. मुष्टियुद्धातही त्यांनी नाव कमावले होते. लॅक्रॉसच्या दौऱ्यात लॉस अँजेल्सला आले असता विनोदी नट जो ई. ब्राउन यांनी त्यांना चित्रपटात येण्याचा आग्रह केला. पुढची सुमारे दहा वर्षे जमावातील बिनसंवादी कामे आणि साहसदृश्ये यांतच गेली.

‘की लार्गो’ (१९४८) मधील ऑसिओला बंधूंपैकी एक व ‘ब्रोकन ॲरो’ (१९५०) मधील अपाची नेता जेरोनिमो या लहान, पण ठळक भूमिका. जेरोनिमो त्यांनी पुढेही साकारला. मात्र घरोघर ओळख झाली ती ‘द लोन रेंजर’ (१९४९–५७) या दूरचित्रवाणी मालिकेतील टोंटो या नायकाच्या मूलनिवासी साथीदारामुळे. क्लेटन मूर आणि मध्यंतरी जॉन हार्ट असे नायकाचे नट बदलले, टोंटो तोच राहिला. आधीच्या नभोवाणी मालिकेत हे पात्र गोरे नट जॉन टॉड रंगवीत. दूरचित्रवाणीवर ते मूलनिवासी नटाकडे आले, हे महत्त्वाचे.

‘टोंटो’ या नावाविषयी मतभेद आहेत. स्पॅनिशमध्ये त्याचा अर्थ ‘मूर्ख’. नभोवाणी मालिकेचे दिग्दर्शक जेम्स ज्युएल यांनी ते पोटावाटोमी या मूलनिवासी भाषेतील ‘रानटी, अनावर’ अशा अर्थाचे असल्याचे सांगितले. पण या खुलाशाला भाषिक आधार तोकडा आहे. टोंटो नायकाला ‘कीमोसाबे’ म्हणतो. ‘किएन लो साबे’ (कोणास ठाऊक) या स्पॅनिश शब्दांशी त्याची सांगड घालण्याचा प्रयत्न झाला आहे. न्यू मेक्सिकोतील तेवा भाषेतही मूळ शोधले गेले. अधिक पटण्याजोगा दुवा मिशिगनमधला आहे : ज्युएल यांच्या सासऱ्यांच्या, मुलांसाठीच्या शिबिराचे नाव की-मो-साह-बी होते. ओजिब्वे या मूलनिवासी भाषेत ‘गीमोझाबी’ म्हणजे ‘लपून टेहळणी करतो’. ‘विश्वासू टेहळ्या’ या मालिकेच्या अर्थाशी ते जुळते. पोटावाटोमी व ओजिब्वे एकाच भाषाकुलातील असल्याने हे मत ग्राह्य वाटते. मालिका टेक्ससच्या परिसरात घडते आणि टोंटोचे पोटावाटोमी लोक मात्र मूळचे उत्तरेकडील महासरोवरांकाठचे, ही विसंगती उरतेच.

टोंटोच्या तोंडी मोडके इंग्रजी घालण्यात आले. सिल्व्हरहील्स उत्तम इंग्रजी बोलत आणि ही भाषा त्यांना खटकत असे. तरीही घोड्यावरील सहज मांड, ताठ देहबोली आणि थांबून बोलण्याची ढब यांतून त्यांनी पात्राला जी प्रतिष्ठा दिली, ती संहितेत नव्हती. हेच त्यांच्या अभिनयाचे खरे मोल.

१९६०च्या दशकात त्यांनी लॉस अँजेल्सला मूलनिवासी नटांसाठी ‘इंडियन ॲक्टर्स वर्कशॉप’ उभारण्यात पुढाकार घेतला. मूलनिवासींच्या भूमिका मूलनिवासींनीच कराव्यात, असा त्यांचा आग्रह होता. उत्तरायुष्यात ते गाडीच्या घोडेशर्यतींतही रमले. १९७९ मध्ये हॉलिवुडच्या कीर्तिपथावर (वॉक ऑफ फेम) त्यांच्या नावाचा तारा बसला. पुढच्याच वर्षी कॅलिफोर्नियातील वुडलंड हिल्स येथे त्यांचे निधन झाले. १९९७ मध्ये कॅनडाच्या लॅक्रॉस कीर्तिदालनात (हॉल ऑफ फेम) त्यांची नोंद झाली, ती खेळाडू म्हणून.