वार्कोन्यी: तळघरातून परत आलेला नट

न्यूयॉर्कच्या हंगेरियन हाऊसच्या तळघरात २००८ मध्ये एका मूकपटाची रिळं सापडली. १९१४ चा ‘अ तोलोंत्स’, आपल्या भाषेत ‘तडीपार’. दिग्दर्शक पुढे हॉलिवूडमध्ये गाजलेला मायकेल कर्टिझ, त्यामुळे बोलबाला झाला तो त्याचा. पण त्यात मोलकरणीवर जीव जडलेला घरमालकाचा मुलगा ज्याने केला, त्या मिहाय वार्कोन्यीचीही ओळख व्हायला हवी.

जन्म १८९१ चा, हंगेरीतल्या किशवार्दा गावचा. मूळचा रंगभूमीवरचा नट. कोलोझ्वारला (आता हे शहर रुमानियात, नाव क्लुज) येनो यानोविच हे नाट्यगृहाचे संचालक चित्रपट काढू लागले, ते नाटकातलीच माणसं हाताशी धरून. वार्कोन्यी त्यांतलाच.

मग १९१९ साल उजाडलं. हंगेरीतली बेला कुनची साम्यवादी राजवट १३३ दिवसांत कोसळली, पाठोपाठ सूडसत्र सुरू झालं. कर्टिझ, अलेक्झांडर कोर्डा असे दिग्दर्शक एकेक करून व्हिएन्नाला गेले. वार्कोन्यीही तिथल्या पडद्यावर दिसू लागला. देश बदलला तरी काम अडलं नाही, कारण मूकपटात मधल्या पाट्या बदलल्या की नट कुठल्याही मुलखाचा होई.

हॉलिवूडचा दिग्दर्शक सेसिल डिमिलच्या ‘ट्रायम्फ’मधून १९२४ मध्ये तो अमेरिकेच्या पडद्यावर आला, व्हिक्टर वार्कोनी या नावाने. ‘द किंग ऑफ किंग्ज’मध्ये (१९२७) पिलात झाला, येशूला क्रूसाची शिक्षा देणारा रोमन सुभेदार. पण मला त्याचं त्याच वर्षीचं ‘शिकागो’ जास्त मोलाचं वाटतं. बायकोने प्रियकराला गोळी घातलीय, वकील भरमसाट फी मागतोय, आणि हा सरळमार्गी नवरा त्याच वकिलाच्या घरात चोरी करून ती फी भरतो. सगळी घालमेल चेहऱ्यावर, संवादाचा आधार नाही.

१९२९ मध्ये ‘द डिव्हाइन लेडी’त तो नेल्सन झाला. इंग्रजांचा आरमारी वीर हंगेरियन माणसाने साकारला! चित्रपटाला संगीत होतं, संवाद नव्हते, म्हणूनच हे जमलं. बोलपट आले आणि त्याचे हंगेरियन उच्चार आडवे आले. मग मिळत गेल्या त्या परक्यांच्या दुय्यम भूमिका: १९४३ मध्ये गनिमी काव्याने लढणारा स्पॅनिश सैनिक, १९४४ मध्ये हिटलरचा साथीदार हेस. डिमिलने मात्र ‘सॅमसन अँड डिलायला’पर्यंत (१९४९) त्याला काम दिलं. १९७६ मध्ये सांता बार्बराला तो वारला.

‘शिकागो’ची प्रत डिमिलच्या खासगी संग्रहात टिकली आणि २००६ मध्ये पुन्हा पडद्यावर आली. हंगेरीच्या मूकपटांपैकी बहुतेक कायमचे गेले. तळघरातून आलेल्या ‘तडीपार’मध्ये वार्कोन्यी जेमतेम तेवीस वर्षांचा आहे, आणि तो अजून मिहायच आहे.