ती नीलकुरिंजी नव्हे, आपली कारवी

पावसाळा सरत आला की व्हॉट्सअ‍ॅपवर तोच मजकूर फिरू लागतो: ‘बारा वर्षांनी फुलणारी नीलकुरिंजी आता चोर्ला घाटात!’ सोबत निळ्या-जांभळ्या डोंगरउताराचा फोटो. अनेक वर्षं हेच चाललंय आणि ते चुकीचं आहे.

नीलकुरिंजी दक्षिणेकडच्या उंच गवताळ डोंगरांची. मुन्नारला ती २००६ मध्ये फुलली, मग २०१८ मध्ये. साधारण १३०० मीटरच्या वरच ती वाढते, आणि आपल्या गोव्यातला सर्वांत उंच डोंगर सोसोगड १२०० मीटरसुद्धा नाही. मग ती इथे रानात उगवणार कुठून?

सत्तरी-सांग्याच्या रानात दिसते ती कारवी. भाऊबंदकीतलीच, पण वेगळी जात. माणसापेक्षा उंच, हाताला खरखरीत लागणारी पानं, घंटेसारखी फुलं. तुरा जरा चुरडून बघा, बोटं चिकट होतात आणि उग्र वास येतो. तिचं चक्र सात-आठ वर्षांचं: मुंबईच्या बोरिवलीच्या रानात ती २००८ मध्ये फुलली, २०१६ मध्ये आणि २०२४ मध्ये. तेही सगळ्या सह्याद्रीत एकदम नाही, डोंगरागणिक वर्ष बदलतं.

फुलून बी धरलं की झाड मरतं. वाळलेली बोंडं टचकन फुटतात, बी उडतं आणि पावसात रुजतं. म्हणूनच फुलोऱ्याच्या वर्षी तुरे तोडू नका हो. त्या झाडाला दुसरी संधी नसते.

जिच्या काठ्यांचे कूड घालून, वर शेणमाती लिंपून आपल्या लोकांनी घरं उभारली, तिला परक्या नावाने का ओळखायचं?