'आनंदघन' म्हणजे नेमकं कोण?

'लताबाई गायच्या, चाली मात्र दुसऱ्यांच्या,' असं आजही कितीजण ठामपणे सांगतात. 'आनंदघन' हे नाव ऐकलं, की हे कुणी जुने संगीतकार असावेत असं त्यांना वाटतं. तसं नाही. आनंदघन म्हणजे स्वतः लता मंगेशकर. 'रामराम पाव्हणं' या चित्रपटाला त्यांनी आपल्याच नावाने संगीत दिलं होतं. टोपणनाव आलं ते नंतर, भालजी पेंढारकरांच्या चित्रपटांसाठी: 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३), 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४), 'साधी माणसं' (१९६५) आणि 'तांबडी माती' (१९६९).

'साधी माणसं'मधलं 'ऐरणीच्या देवा तुला' पुन्हा एकदा ऐका. लोहाराच्या घरातलं हे गाणं. भाता, ऐरण, ठिणगी सगळं डोळ्यांपुढे उभं राहतं आणि चाल इतकी सरळ, की कामाच्या नादात बाईने आपसूक गुणगुणावी. अशी चाल बांधायला मातीतल्या गाण्यांचा कान लागतो, आणि तो त्यांच्याकडे होता. म्हणूनच हे लोकगीत आहे असं अनेकांना वाटतं, तेही चूक. याच चित्रपटाच्या संगीताला राज्य पुरस्कार मिळाला, तो आनंदघन या नावाला.

गायिका म्हणून त्यांचं नाव घेताना संगीतकार म्हणूनही घ्या. त्या चाली त्यांच्याच आहेत.