गुलाबाची जमीन (दख्खनच्या काळ्या मातीतील पूर्वमशागत)

गुलाबाची जमीन : गुलाबाच्या लागवडीपूर्वी मातीचा निचरा, सामू (पीएच, म्हणजे आम्ल-अल्कतेचे मान) व सेंद्रिय अंश सुधारण्यासाठी करावयाची मशागत. गुलाबाला ६.० ते ६.५ सामूची, भुसभुशीत पोयट्याची जमीन मानवते. दख्खनच्या पठारावर नदीकाठचा गाळपट्टा सोडला तर अशी जमीन आयती क्वचितच मिळते, म्हणून प्रस्तुत नोंदीत मुख्यतः काळ्या जमिनीचा विचार केला आहे.

वराहमिहिराच्या बृहत्संहितेतील (सामान्यतः इ. स. सहावे शतक) वृक्षायुर्वेदाच्या अध्यायात सर्व झाडांना मऊ भूमी हितकर म्हटली असून तीत प्रथम तीळ पेरावेत व ते फुलले की तेथेच मर्दून टाकावेत, असे सांगितले आहे. हिरवळीच्या खताचा हा जुना निर्देश खरा, पण तो गुलाबापुरता नाही. संस्कृत निघंटूंतील (वनस्पतींच्या नावांच्या कोशांतील) ‘तरुणी’, ‘शतपत्री’ व ‘कुब्जक’ ही नावे गुलाबवर्गाची मानण्याचा प्रघात आहे. तथापि ‘शतपत्र’ हा शब्द कमळालाही लागत असल्याने प्रत्येक उल्लेख संदर्भ पाहूनच घेणे बरे. गुलाब बाबराने आणला ही समजूत बागेतील काही प्रकारांपुरती ग्राह्य धरता येईल. हिमालयात रानगुलाब मूळचेच आहेत. ‘गुलाब’ हा शब्द फार्सी ‘गुल’ (फूल) व ‘आब’ (पाणी) यांपासून आला. त्याचा मूळ अर्थ गुलाबपाणी. फुलाला ते नाव मागाहून पडले.

काळ्या मातीतील माँटमोरिलोनाइट गटाची चिकणमाती ओली झाली की फुगते आणि वाळली की भेगाळते. रूढ शिफारस ६० सेंमी. लांब, रुंद व खोल खड्ड्याची आहे. उन्हाळ्यात खड्डे खणून तापू द्यावेत आणि पावसाळ्यापूर्वी पोयटा, कुजलेले शेणखत, निंबोळी पेंड व सुपर फॉस्फेट यांनी भरावेत. शेणखत कच्चे असल्यास हुमणी व वाळवी लागते. तांबड्या किंवा मुरमाड जमिनीत ही रीत उत्तम ठरते. भारी काळ्या जमिनीत मात्र सुमारे २१६ लिटरांचा हा खड्डा म्हणजे एक हौदच होतो : आतली माती सैल आणि भोवतालची भिंत घट्ट, त्यामुळे पावसाचे पाणी त्यात उतरते व तेथेच तुंबते, आणि मुळे गुदमरतात. अशा जागी जमीन वरवर खणून ३० ते ४५ सेंमी. उंचीचा गादीवाफा करणे अधिक सयुक्तिक दिसते. उष्ण हवेत डोळा भरलेला सांधा (खुंटावर कलम जोडल्याची जागा) मातीच्या वर ठेवतात.

दुसरी अडचण चुनखडीची. मातीवर सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लाचे थेंब टाकताच ती फसफसली तर तीत मुक्त चुना आहे असे समजावे. अशा जमिनीत लोह असूनही मुळांना मिळत नाही. कोवळी पाने शिरा हिरव्या राहून पिवळी पडतात. उपाय म्हणून गंधक सुचवले जाते, पण हिशेब मांडून पाहावा. एक चौ. मी. जागेतील ३० सेंमी. खोलीची माती सुमारे ३९० किग्रॅ. भरते. तीत ५ टक्के चुना धरल्यास तो १९.५ किग्रॅ. होतो आणि तो पूर्ण संपवायला सहा किग्रॅ.हून अधिक गंधक लागेल. मूठभर गंधकाने सामू उतरला तरी तो मुळांभोवतीच्या थोड्या मातीपुरता आणि तात्पुरता. जिप्समचा सल्लाही सरसकट दिला जातो. त्याचा उपयोग सोडियमयुक्त चोपण जमिनीत होतो, तोही निचरा असेल तरच. केवळ चुनखडीच्या जमिनीत त्याने सामू उतरत नाही. मातीत घातलेली हिराकस (फेरस सल्फेट) लवकरच अविद्राव्य होते, म्हणून ती पानांवर फवारतात. जमिनीतून लोह द्यायचे तर ते धरून ठेवणाऱ्या सेंद्रिय संयुगांपैकी (चिलेटांपैकी) ईडीडीएचए संयुग टिकते. ईडीटीए संयुग अल्कधर्मी मातीत तग धरत नाही. बोअरचे जड पाणी वर्षानुवर्षे दिल्यास सुधारलेली मातीही पुन्हा अल्कधर्मी होते, ही बाब खतांच्या तक्त्यांत सहसा येत नाही.

जुन्या गुलाबाच्या जागी लावलेले नवे कलम रोडावते. त्याच वाफ्यात दुसऱ्या कुळातील झाड मात्र नीट वाढते. या ‘भू-थकव्या’च्या कारणांबद्दल मतभेद आहेत. अन्नद्रव्ये संपणे, जुन्या मुळांतून सुटणारी द्रव्ये, प्राटिलेंकस प्रजातीचे सूत्रकृमी (मुळांना लागणारे सूक्ष्म कृमी) आणि मूळकुज करणारी कवके अशी निरनिराळी कारणे सांगतात. नुसत्या खताने झाड सावरत नाही, पण माती वाफेने निर्जंतुक केल्यास बहुधा सावरते. यावरून पहिल्या कारणाचा पक्ष दुबळा वाटतो, आणि एकाच जीवाला दोष देण्यापेक्षा अनेक जीवांचा संयुक्त परिणाम मानणे अधिक पटते. सफरचंदातही असाच प्रकार आढळतो, आणि तेही रोझेसी कुलातीलच आहे. घरगुती बागेत सु. ४५ सेंमी. खोलीपर्यंतची माती बदलतात किंवा जागाच बदलतात. मातीवर पारदर्शक प्लॅस्टिक अंथरून ती उन्हाने तापवण्याची पद्धत इस्राएलमध्ये काटान व सहकाऱ्यांनी १९७६ मध्ये मांडली. आपल्याकडच्या वैशाखात ती सोपी असली तरी अंथरण्यापूर्वी माती ओलवावी लागते.

तळेगाव दाभाडे परिसरातील हरितगृहांत कापणीच्या गुलाबासाठी बाहेरून आणलेली तांबडी माती, शेणखत व भाताचे तूस मिसळून उंच वाफे करतात. कोकणातील जांभ्याच्या जमिनी आम्लधर्मी असल्याने तेथे चुना घालावा लागतो.