ताब्याच्या दाव्यात निकाल विरुद्ध गेला तर? नाशिक जिल्ह्यातल्या पक्षकारांसाठी अपिलाची माहिती

निकाल ऐकला त्याच दिवशी निकालाच्या प्रमाणित नकलेचा अर्ज द्या. भाऊबंदांची बैठक, पुढचा वकील कोण, हे सगळं नंतर.

निफाड तालुक्यातल्या माझ्या मावशीच्या घरी अपील दाखल झालं म्हणून सगळे निर्धास्त होते. स्थगितीचा अर्ज कुणी दिलाच नव्हता. समोरच्यांनी दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) लावली आणि छाटणीला आलेल्या द्राक्षबागेत बेलिफ पंचनाम्याला येऊन उभा राहिला. अपील चालूच होतं, ताबा मात्र गेला. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ४१ नियम ५ स्पष्ट आहे: नुसत्या अपिलाने हुकूमनाम्याची (निकालावरून निघालेल्या अंतिम आदेशाची) अंमलबजावणी थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, ती उशीर न लावता मागावी लागते, आणि मोठं नुकसान होईल हे दाखवून तारणही द्यावं लागतं. अपिलाची मुदत संपायच्या आत ज्या कोर्टाने निकाल दिला तिथेही तात्पुरती स्थगिती मागता येते. नक्कल हातात यायची असेल तेव्हा हीच वाट उपयोगी पडते.

दिवाणी न्यायाधीशांच्या हुकूमनाम्यावर याच संहितेच्या कलम ९६ खाली पहिलं अपील जिल्हा न्यायालयात होतं, मुदत ३० दिवस. दाव्याचं मूल्यांकन मोठं असेल तर अपील थेट मुंबई उच्च न्यायालयात जातं आणि मुदत ९० दिवसांची असते. नकलेला लागलेले दिवस मुदतीतून वगळतात. समजा निकाल ५ जूनचा, नकलेचा अर्ज १० जूनला आणि नक्कल तयार २ जुलैला, तर ते २३ दिवस धरून २८ जुलैपर्यंत वेळ मिळतो. नक्कल तयार असूनही तुम्ही उशिरा नेली, तर ते दिवस तुमच्याच खात्यावर. मुदत उलटलीच तर विलंबमाफीचा अर्ज अपिलासोबतच जोडा, आणि उशिराचं कारण कागदानिशी दाखवा.

अपील करू शकतो तो दाव्यातला पक्षकार, किंवा तो वारला असेल तर त्याचे वारस. एकतर्फी निकालावरही अपील आहे. तडजोडीने झालेल्या हुकूमनाम्यावर नाही.

इथे एक गोष्ट नीट तपासा. बेकायदा हुसकावलं म्हणून सहा महिन्यांच्या आत विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली दावा केला असेल, तर त्या निकालावर अपीलही नाही आणि पुनर्विलोकनही (त्याच कोर्टाने फेरविचार करणं) नाही. उच्च न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ खाली पुनरीक्षण (वरच्या कोर्टाकडून मर्यादित तपासणी), किंवा मालकीहक्कावर वेगळा दावा, एवढेच रस्ते उरतात. शेताच्या ताब्याचा किंवा वाटेचा निकाल तहसीलदारांनी मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली दिला असेल तर त्यावरही अपील नसतं. जिल्हाधिकाऱ्यांकडे पुनरीक्षण अर्ज करायचा, आणि तो बहुधा प्रांतांसमोर चालतो. केवळ मनाई हुकुमाचा अंतरिम आदेश असेल तर आदेश ४३ खाली किरकोळ अपील होतं.

कागद: निकालाची आणि हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल, अपिलाचा मेमो (त्यात आक्षेप क्रमवार), वकीलपत्र, कोर्ट फी, स्थगितीचा अर्ज व शपथपत्र. दाव्यातले सातबारा, पीकपाहणीच्या नोंदी, मोजणीचा नकाशा आणि वीजबिलं यांच्या प्रती निशाणी क्रमांकासह (कोर्टाने पुराव्याच्या कागदाला दिलेला क्रमांक) लावून ठेवा. खालच्या कोर्टात न दिलेला पुरावा अपिलात सहसा घेत नाहीत, त्यामुळे "वर गेल्यावर दाखवू" यावर कधीच विसंबू नका.

जिल्हा न्यायालयातही हरलात तर कलम १०० खाली दुसरं अपील मुंबईत, ९० दिवसांत. ते फक्त कायद्याच्या ठोस मुद्द्यावर चालतं. बांध कोणी कोरला, नांगर कोणाचा चालला, हे तिथे सहसा पुन्हा पाहत नाहीत.

आणि तुम्ही जिंकला असाल तर वरच्या कोर्टात कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका, असा अर्ज) लावून ठेवा. ते ९० दिवस टिकतं आणि तुम्हाला न ऐकता स्थगिती मिळत नाही. वकिलाची फी झेपत नसेल तर नाशिकच्या सीबीएस बसस्थानकाजवळच्या जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या पक्षकारांना तिथे मोफत वकील मागता येतो, उत्पन्न कितीही असो. मावशीला हे कुणी सांगितलं नव्हतं.