एक जूनचा जन्म आणि मनगटाचा एक्स-रे

सोलापूर जिल्ह्यातल्या एखाद्या जुन्या शाळेचं जनरल रजिस्टर चाळा. जन्मतारखेच्या रकान्यात 1 जून इतक्यांदा दिसेल की अर्धा गाव एकाच दिवशी जन्मला असं वाटावं. आईला आठवत असतं, 'गड्ड्याच्या जत्रेनंतर झाली बघा'. गुरुजी पहिलीच्या प्रवेशाला वय बसेल अशी तारीख टाकून मोकळे. एरवी यानं कुणाचं फारसं बिघडत नाही. फार तर रिटायरमेंट थोडी मागेपुढे होते.

पोक्सोच्या, म्हणजे बालकांवरच्या लैंगिक अत्याचाराच्या खटल्यात मात्र हीच तारीख कळीची. 2012 च्या या कायद्यानुसार 18 वर्षांखालची प्रत्येक व्यक्ती बालक. तिची संमती होती की नव्हती, हा प्रश्नच उरत नाही. त्यामुळे घटनेच्या दिवशी मुलगी 17 वर्षं 10 महिन्यांची होती की 18 वर्षं 2 महिन्यांची, यावर सगळा खटला फिरू शकतो. आरोपीचा वकील उलटतपासणीत पहिला हात तिथेच घालतो: ही तारीख सांगितली कुणी, लिहिली कुणी?

वयाच्या पुराव्यांचा क्रम 2015 च्या बालन्याय कायद्याच्या कलम 94 नं ठरवून दिला आहे. आधी शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा बोर्डाचं दहावीचं प्रमाणपत्र, ते नसेल तर महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि यातलं काहीच नसेल तरच वैद्यकीय तपासणी. नुसतं ट्रान्स्फर सर्टिफिकेट या यादीत बसत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 2023 मध्ये सांगितलं. आधार कार्ड तर जन्मतारखेचा पुरावा नव्हेच. ऊसतोडीच्या फडावर जन्मलेल्या आणि शाळा अर्ध्यावर सुटलेल्या मुलीकडे यातलं काय असणार? तिची रवानगी होते सिव्हिल हॉस्पिटलला, ऑसिफिकेशन टेस्टसाठी, म्हणजे हाडांवरून वय काढण्याच्या तपासणीसाठी.

तिथे मनगट, कोपर, खांदा, कंबर यांचे एक्स-रे काढतात. मनगटाची फिल्म बघण्यासारखी असते. वाढत्या वयात लांब हाडाचं टोक आणि त्याचा दांडा यांच्यामध्ये कूर्चेची पातळ चकती असते. हाड लांबीला वाढतं ते तिथे. कूर्चेत कॅल्शियम कमी, म्हणून एक्स-रेवर तिथे काळी रेघ दिसते. वयात आल्यावर इस्ट्रोजेनच्या प्रभावानं (हो, मुलांमध्येसुद्धा) चकती हळूहळू हाडात बदलते. काळी रेघ आधी मधून तुटते, मग टोक आणि दांडा एकजीव होतात. मुलींमध्ये कोपराचं हे काम साधारण 14-15 पर्यंत उरकतं, मनगटाचं 16 ते 18 च्या दरम्यान, कमरेच्या हाडाच्या वरच्या कडेचं त्याहून थोडं उशिरा. मुलगे एक-दोन वर्षं मागे. कोपर जुळलेलं, मनगट अर्धवट, कमरेची कड मोकळी, अशी सांगड घालून डॉक्टर वय काढतात. दातांचीही मदत होते, पण अक्कलदाढ कुणाला 17 ला येते, कुणाला 25 ला, कुणाला येतच नाही.

म्हणजे एक्स-रेवरून कळतं ते हाडाचं वय. जन्माला येऊन किती दिवस झाले, हे त्यात कुठेच लिहिलेलं नसतं. लहानपणी पोटभर मिळालं नाही तर हाडं मागे राहतात. हाडाचं वय ताडायला जगभर वापरला जाणारा ग्रॉयलिश-पाइल ॲटलास, म्हणजे नमुन्याच्या एक्स-रेंचं पुस्तक, अमेरिकेतल्या क्लीव्हलँडच्या, 1930 च्या दशकातल्या खात्यापित्या घरांमधल्या मुलांवर बेतलेला. सांगोल्याच्या मुलीचं मनगट त्याच्याशी ताडून बघताना हा फरक लक्षात ठेवावाच लागतो.

म्हणूनच सर्वोच्च न्यायालयानं 1982 मध्येच मान्य केलं की या चाचणीत दोन वर्षं इकडे किंवा दोन वर्षं तिकडे चूक होऊ शकते. दिल्ली उच्च न्यायालयानं 2024 मध्ये आणखी पुढे जाऊन सांगितलं, की अहवालातलं वरचं टोक धरा आणि त्यातही दोन वर्षं मिळवा. आता हिशेब करा. डॉक्टरांनी '16 ते 18' लिहिलं की कोर्टाच्या लेखी वय 20, आणि संशयाचा फायदा आरोपीला. कायद्याच्या अंगानं हे चुकीचं म्हणता येणार नाही. पण खरोखरच 16 ची असलेली, कागद नसलेली मुलगी यात हरते. '16 ते 18' लिहिणारा डॉक्टर मला तरी त्या ठाम 1 जूनपेक्षा प्रामाणिक वाटतो.

1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून सगळीकडे जन्मदाखलाच जन्मतारखेचा पुरावा धरला जाणार आहे. त्यातली पहिली मुलगी 18 ची होईल 2041 मध्ये. तोवर सिव्हिलच्या एक्स-रे विभागात वय काढून द्या म्हणणारी पोलिसांची पत्रं येतच राहणार.