कुरोसावा मागवताना पूर्ण नाव सांगा

‘कुरोसावांचे सिनेमे पाठवा’ एवढाच निरोप आला, तर आम्ही पार्सल बांधत नाही. आधी फोन करून विचारतो: अकिरा की कियोशी? दोघेही जपानी सिनेदिग्दर्शक, आडनाव एकच. या फोनचा काहींना कंटाळा येतो. पण अकिरांचा सिनेमा समजून कियोशींचा ‘क्युअर’ नेणारे आणि मग बदलून मागणारे ग्राहक वरचेवर भेटतात. सील फोडलेली डिस्क आम्हाला परत घेता येत नाही, म्हणून हा खटाटोप.

दोघांचं काही नातं नाही. अकिरा १९९८ साली वारले. कियोशींचा जन्म १९५५चा, कोबे शहरातला, आणि ते आजही सिनेमे करताहेत. नव्वदच्या दशकात त्यांनी थेट व्हिडिओसाठी काढलेल्या कमी खर्चाच्या सिनेमांवर हात बसवला. १९९७च्या ‘क्युअर’ने त्यांचं नाव जपानबाहेर पोहोचलं. खून एकाच पद्धतीचे, खुनी मात्र दर वेळी वेगळा. रक्तापेक्षा रिकाम्या खोल्यांची भीती वाटायला लावणारा दुसरा दिग्दर्शक आम्हाला तरी माहीत नाही.

‘पल्स’ मागवताना सालही सांगा. कियोशींचा २००१चा, २००६चा अमेरिकी रिमेक दुसऱ्याचा आहे.

कियोशींचं टीव्हीचं काम ‘मालिका नको’ म्हणून बाजूला ठेवू नका, ही कळकळीची विनंती. २०१२ची ‘पेनन्स’ ही पाच भागांची मालिका व्हेनिसच्या महोत्सवातही दाखवली गेली. शाळकरी मुलीचा खून, खुन्याला पाहिलेल्या चार मैत्रिणी आणि त्यांच्याकडून प्रायश्चित्त मागणारी आई. पहिले चार भाग त्या चौघींचे, पाचवा आईचा. क्रम मोडला तर सगळं वाया जातं. म्हणूनच आम्ही तिच्या डिस्क सुट्या देत नाही, पूर्ण संचच देतो. ‘वाइफ ऑफ अ स्पाय’सुद्धा आधी एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीसाठी केलेलं टीव्हीनाट्य होतं. त्याच्या चित्रपटगृहातल्या आवृत्तीला २०२०मध्ये व्हेनिसचा दिग्दर्शनाचा रौप्यसिंह पुरस्कार मिळाला.

भीतिपट घरच्यांना झेपत नसतील, तर ‘टोकियो सोनाटा’पासून सुरुवात करा. नोकरी गेल्याचं घरी लपवून रोज सूट घालून बाहेर पडणाऱ्या बापाची ती गोष्ट आहे. एकदा नेलेला हा सिनेमा भेट द्यायला पुन्हा मागवणारे ग्राहक आमच्याकडे आहेत.

ऑर्डरमध्ये दिग्दर्शकाचं पूर्ण नाव, सिनेमाचं साल आणि आपल्या प्लेअरचा रीजन (तो कोणत्या भूभागातल्या डिस्क चालवतो, त्याचा कोड) लिहा. थेट जपानहून येणाऱ्या डिस्कवर इंग्रजी सबटायटल बहुधा नसतात. ती हवी असतील तर तसंही कळवा. एवढं आलं की आमचा फोन येणार नाही, पार्सलच येईल.